उड्या मारणारा चेंडू: कार्टूनला आवाज नेमका कधी आला?

प्रश्न थोडक्यात असा आहे. वॉल्ट डिस्नेचे मिकी माउसचे 'स्टीमबोट विली' (१९२८) हे जगातले पहिले बोलके कार्टून असे जागोजागी लिहिलेले असते. मग अमेरिकेतल्याच फ्लायशर या कार्टूनवाल्या बंधूंची त्याआधीची, गाण्याच्या शब्दांवरून पांढरा चेंडू नाचवणारी कार्टुने कोणत्या खात्यात धरायची? तो चेंडू काढत कसे? आणि चित्र व आवाज जुळवण्याचे तंत्र नक्की आणले कोणी?

मी बरीच वर्षे कार्टूनपटांचे ध्वनिसंकलन करतो, आणि त्यात मुलांच्या गाण्यांचे काम सर्वांत जास्त. तो चेंडू आजही आमच्या टाइमलाइनवर असतो. त्यामुळे उत्तर जरा लांबेल.

आधी सरळ उत्तर. 'स्टीमबोट विली' पहिले नाही. फ्लायशर बंधूंची फिल्मवर आवाज छापलेली कार्टुने त्याच्या निदान दोन वर्षे आधी थिएटरात चालली होती, आणि 'विली'च्या काही आठवडे आधी पॉल टेरी या दुसऱ्या कार्टूनवाल्याचे 'डिनर टाइम'ही येऊन गेले होते. पण 'विली'ला पहिले म्हणणारे सगळेच अडाणी आहेत असेही मी म्हणणार नाही. इथे दोन वेगवेगळी कामे एकाच नावाखाली मोडतात. फिल्मच्या पट्टीवर आवाज उमटवणे हे एक काम. पट्टीवरचे प्रत्येक चित्र ठोक्याच्या हिशेबात काढणे हे दुसरे. पहिले काम विजेच्या तंत्रज्ञांचे, दुसरे वहीपेन्सिलीचे. आणि या दोघांच्या मधला पूल म्हणजे तुमचा तो चेंडू.

पडद्यावर शब्द दाखवून लोकांना गायला लावायची कल्पना सिनेमाची नव्हे. अमेरिकेत १८९० च्या दशकापासून 'सचित्र गाणी' चालत. हाताने रंगवलेल्या काचेच्या स्लाइड मॅजिक लँटर्नमधून पडद्यावर टाकायच्या, बाजूला उभा राहून गायक गाणार, आणि शेवटच्या काचेवर ध्रुवपदाचे शब्द. ते सगळ्या प्रेक्षागृहाने म्हणायचे. यामागे न्यूयॉर्कच्या 'टिन पॅन ॲली'तले संगीत-प्रकाशक होते. गाणे लोकांच्या ओठांवर बसले की दुसऱ्या दिवशी त्याच्या स्वरलिपीच्या प्रती खपत. पुढे निकेलोडियन, म्हणजे पाच सेंटांत सिनेमा दाखवणारी छोटी थिएटरे, आली. त्यांच्याकडे बहुधा एकच प्रोजेक्टर असे. ऑपरेटर रीळ बदलेपर्यंत लोकांना बसवून ठेवायला ही गाणी फार सोयीची पडली.

स्लाइडची अडचण एकच. शब्द दिसतात, पण आपण कुठे आहोत ते दिसत नाही. पाच-सातशे माणसे एकत्र गाऊ लागली की प्रत्येक जण शेजाऱ्याचे ऐकून गातो, म्हणजे मुळातच मागे राहतो. गणपतीच्या आरतीत पुढचे टाळवाले 'घालीन लोटांगण'ला पोचलेले असतात आणि दाराशी उभे असलेले अजून 'जय देव जय देव' करत असतात, तसलाच प्रकार. ऑर्गनवाला कितीही जोरात वाजवो, मागच्या रांगांपर्यंत आवाज पोचायलाच वेळ लागतो. वीस मीटर अंतराला साधारण ५८ मिलिसेकंद, म्हणजे आजच्या हिशेबाने जवळजवळ दीड फ्रेम (फ्रेम म्हणजे फिल्मवरचे एक चित्र). प्रकाशाला तो वेळ लागत नाही. सगळ्यांना एकाच क्षणी कळेल असा इशारा द्यायचा तर तो पडद्यावरच द्यायला हवा.

मॅक्स फ्लायशर १८८३ साली क्रॅकोव्हला जन्मला आणि लहानपणीच न्यूयॉर्कला आला. पुढे तो 'पॉप्युलर सायन्स' मासिकाचा कला-संपादक झाला. यंत्रांत रमणारा माणूस. चित्रित केलेल्या माणसाची हालचाल काचेवर टाकून एकेक चौकट गिरवण्याचे 'रोटोस्कोप' यंत्र त्याचेच. पेटंटचा अर्ज १९१५ चा, मंजुरी १९१७ ची. विदूषकाचा वेष करून कॅमेऱ्यासमोर उड्या मारणारा त्याचा भाऊ डेव्ह. त्यातूनच कोको हा विदूषक घडला. या दोघांनी १९२४ पासून गाण्यांच्या कार्टुनांची मालिका सुरू केली, 'साँग कार-ट्यून्स'. गाणी बहुतेक जुनी, सगळ्यांना पाठ असलेली. यामागे कल्पनेचे दारिद्र्य नव्हते. न ऐकलेले गाणे अनोळखी गर्दी पहिल्या फटक्यात म्हणूच शकत नाही.

आता चेंडू. बहुतेकांना वाटते की तो एकेक फ्रेम काढलेला असणार. तसे नाही, तो चेंडू ॲनिमेशनचा नव्हताच. काळ्यावर पांढऱ्या अक्षरांत लिहिलेल्या ओळी एका आडव्या फिरत्या ड्रमवर बसवत, म्हणजे कॅमेऱ्याला एका वेळी एकच ओळ दिसे. एक माणूस लांब काळी काठी घेऊन उभा, काठीच्या टोकाला पांढरा चमकता गोळा. गाणे चालू करायचे, कॅमेरा चालू करायचा, आणि त्याने तो गोळा अक्षरामागून अक्षरावर टेकवत न्यायचा. ओळ संपली की ड्रम फिरवून पुढची ओळ समोर. फिल्म धुताना काळ्या-पांढऱ्याचा फरक इतका तीव्र ठेवत की काळ्यावरची काळी काठी पडद्यावर नाहीशी होई आणि चेंडू तेवढा अधांतरी नाचताना दिसे.

हे मला पहिल्यांदा कळले तेव्हा त्या माणसाचा फार हेवा वाटला. तीन मिनिटांचे गाणे मूकपटाच्या सोळा फ्रेमच्या वेगाने धरले तरी २,८८० फ्रेम होतात. त्या काढायच्या म्हणजे कित्येक दिवसांचे काम. काठीवाला ते तीन मिनिटांत संपवतो. पैसे तर वाचतातच, पण खरा फायदा वेगळा आहे. गाणे म्हणणारा माणूस ओळीच्या शेवटी किंचित रेंगाळतो, एखाद्या शब्दाआधी थांबतो. हिशेबाने काढलेला चेंडू तसा थांबत नाही. हातातली काठी आपोआप थांबते, कारण तो हात गाणे ऐकत असतो.

शेवटच्या ध्रुवपदाला मात्र खरे ॲनिमेशन येई. चेंडूच्या जागी कोको किंवा दुसरा कोणी शब्दांवरून उड्या मारत जाणार, शब्दाचेच चित्र होणार, अक्षरे पडणार, उठणार. तोवर लोकांना लय सापडलेली असे, म्हणून इथे चित्रकाराला मस्ती करायची मुभा मिळे. बोट धरून चालायला शिकवायचे आणि मग सोडून द्यायचे, हा क्रम त्यांनी फार हुशारीने लावला होता.

चेंडू इतका उपयोगी का पडतो, यावर जरा थांबतो, कारण सगळ्या गोष्टीचे मर्म इथे आहे. त्याचे काम शब्दावर पडण्यात नाही, हवेत असण्यात आहे. मिनिटाला १२० ठोक्यांचे गाणे घ्या. ठोका अर्ध्या सेकंदाला, म्हणजे २४ फ्रेमच्या वेगात १२ फ्रेम. सहा वर, सहा खाली. वर जाताना चेंडू मंदावतो, शिखरावर क्षणभर टांगल्यासारखा होतो, मग वेगाने खाली येतो. तो खाली यायला लागला त्या क्षणी तुमच्या डोळ्याला कळते की कधी टेकणार, आणि गळा त्याआधीच तयारीला लागतो. याउलट ठोक्यावर नुसता दिवा लुकलुकवला किंवा शब्दाचा रंग पटकन बदलला तर बघणाऱ्याला ठोका होऊन गेल्यावर कळते. तो सतत मागे धावतो. स्टुडिओत कोणत्याही गायकाला दोन्ही दाखवून बघा, फरक पहिल्या कडव्यात दिसेल. शिवाय उडीची उंची हीच मात्रेची लांबी होते. लांब स्वराला उंच उडी, लहान अक्षरांना टुणटुण बुटक्या उड्या. संगीत न शिकलेल्या माणसाला त्यातून स्वरलिपी वाचता येते, आणि आपण वाचतोय हे त्याच्या लक्षातही येत नाही.

यातल्या बहुतेक प्रती मुक्या होत्या. थिएटरातला पियानो, ऑर्गन किंवा छोटा वाद्यवृंद साथ करी. मूकपटाच्या काळात चालवण्याचा वेग थिएटरागणिक बदले. रात्रीचा एक जादा खेळ बसवायचा असला की मालक वेग वाढवायला सांगे. दुसऱ्या कुठल्या फिल्मच्या संगीताचा त्यात बोजवारा उडाला असता. इथे काही बिघडत नसे, कारण ऑर्गनवालाही चेंडूच बघून वाजवत होता आणि लोकही. वेग वाढला तर सगळेच भरभर गाणार. म्हणजे यंत्राची काहीही मदत नसताना चित्र, वाद्य आणि सातशे गळे एका ठोक्यावर. सिंक म्हणजे हेच तर असते. माझ्या मते कार्टूनला 'जुळलेला' आवाज इथेच आला. फक्त तो फिल्मवर नव्हता, खुर्च्यांत बसला होता.

फिल्मवरचा आवाज आला ली डी फॉरेस्टमुळे. ऑडिऑन नावाच्या निर्वात नळीचा हा शोधक. त्याच्या 'फोनोफिल्म'चा पहिला जाहीर खेळ १५ एप्रिल १९२३ ला न्यूयॉर्कच्या रिव्होली थिएटरात झाला. तत्त्व सोपे आहे. मायक्रोफोनमधून आलेल्या विजेच्या चढउताराने एका दिव्याचा उजेड कमीजास्त होतो, तो उजेड फिल्मच्या कडेला एका अरुंद पट्ट्यात फिकट-गडद रेघांच्या रूपाने उमटतो. दाखवताना त्या पट्ट्यातून प्रकाश पाठवायचा, पलीकडे प्रकाशाला संवेदनशील असा घटक, त्यातून पुन्हा वीज, मग ॲम्प्लिफायर आणि कर्णा. चित्र आणि आवाज एकाच पट्टीवर, त्यामुळे एकदा जुळले की जुळले. वॉर्नर बंधूंच्या 'व्हिटाफोन'मध्ये आवाज तबकडीवर असे. फिल्म तुटली तर जेवढ्या फ्रेम गेल्या तेवढ्याच काळ्या फ्रेम जोडाव्या लागत, नाहीतर पुढचे सगळे रीळ आवाजाच्या पुढे पळे.

एकाच पट्टीवर असले तरी चित्र आणि त्याचा आवाज शेजारी-शेजारी नसतात, हे बाहेरच्यांना सहसा माहीत नसते. चित्राच्या खिडकीत फिल्म एकेक फ्रेम थांबत, झटके खात जाते. आवाज वाचायला ती सलग, गुळगुळीत सरकावी लागते. म्हणून आवाज वाचणारा भाग थोडा लांब बसवतात आणि आवाज चित्राच्या साधारण २० फ्रेम पुढे छापतात. आमच्या पिढीने स्टीनबेकवर, म्हणजे फिल्म संकलनाच्या टेबलावर, काम केले, तेव्हा प्रिंट कापताना हे विसरणाऱ्याची खैर नसे.

फ्लायशर बंधू डी फॉरेस्टशी जोडले गेले. 'रेड सील' ही वितरण कंपनी त्यांनी मिळून काढली, आणि 'साँग कार-ट्यून्स'पैकी काहींना फोनोफिल्मचा आवाज लागला. यात सर्वांत ठसठशीत उदाहरण १९२६ चे 'माय ओल्ड केंटकी होम'. गाण्याआधी एक कुत्रा पडद्यावर पुढे येतो आणि प्रेक्षकांना सांगतो की चेंडूच्या मागून या आणि सगळे मिळून गा. तोंड हलते आणि शब्द त्याच वेळी ऐकू येतात. वाक्य एवढेच, पण काढलेले तोंड आणि छापलेला आवाज जुळवून दाखवला आहे. 'विली' यायला अजून दोन वर्षे होती.

मग हे विसरले का गेले? धंद्याची कारणे. फोनोफिल्मचा आवाज पातळ होता. तो ऐकवायला थिएटरात वेगळी यंत्रे बसवावी लागत, आणि बहुतेक मोठी थिएटरे बड्या स्टुडिओंच्या हातात होती. त्यांना यात रस नव्हता. डी फॉरेस्टचे आवाजाच्या कामातले भागीदार थिओडोर केस यांच्याशी बिनसले. १९२६ साली फोनोफिल्म कंपनीही बुडाली आणि रेड सीलही. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये व्हिटाफोनचा 'डॉन वान' लागला, पुढच्या वर्षी ऑक्टोबरात 'द जॅझ सिंगर', आणि लोकांच्या आठवणीत बोलपटाचा जन्म तिथे नोंदला गेला.

आवाज आला तसा वेगाचा लाडही संपला. मूकपटात ऑपरेटर वाट्टेल तसा वेग ठेवू शकत होता, पण आवाज छापलेली फिल्म सहा टक्के जोरात चालली की गाणे जवळजवळ अर्ध्या सुराने चढते. कोणाही ऐकणाऱ्याच्या कानाला ते खटकते. म्हणून मिनिटाला ९० फूट, म्हणजे सेकंदाला २४ फ्रेम, हा वेग सगळीकडे पक्का झाला. कार्टूनवाल्यांच्या दृष्टीने ही आवाजापेक्षाही मोठी घटना आहे. वेग पक्का झाल्याशिवाय एका ठोक्याला किती चित्रे, हा प्रश्नच विचारता येत नव्हता.

इथे डिस्नेचा स्टुडिओ येतो. १९२८ च्या सुरुवातीला 'ओस्वाल्ड' हे त्यांचे सशाचे पात्र हातून गेले होते. मिकीची दोन मूक कार्टुने तयार होती, पण विकत घ्यायला कोणी नव्हते. तिसरे, म्हणजेच 'स्टीमबोट विली', आवाजासकट करायचे ठरले. स्टुडिओत विल्फ्रेड जॅक्सन नावाचा तरुण होता. त्याची आई संगीत शिकवायची, त्यामुळे मेट्रोनोम, म्हणजे ठरावीक लयीत ठोके देणारे यंत्र, काय असतो हे त्याला माहीत. त्याने साधा हिशेब मांडला. फिल्म सेकंदाला २४ फ्रेम, मिनिटाला १,४४०. मेट्रोनोम १२० वर लावला तर ठोका दर १२ फ्रेमला, ९० वर लावला तर दर १६ ला, १८० वर लावला तर दर ८ ला. मधले आकडे, ज्यांनी १,४४० ला पूर्ण भाग जात नाही, ते टाकूनच द्यायचे. म्हणजे गाण्याची लय आधी ठरवायची, तिच्या मात्रा कागदावर चौकटीत मांडायच्या, आणि कोणत्या फ्रेमला मिकीचा पाय टेकणार, कोणत्या फ्रेमला शिटी वाजणार ते चित्र काढण्याआधीच लिहून ठेवायचे. स्टुडिओतल्या अब आयवर्क्स या चित्रकाराने चित्रे त्या कागदावरून काढली. बोकडाचे शेपूट फिरवले की 'टर्की इन द स्ट्रॉ' वाजायला लागते तो प्रसंग आठवा. पुढे मिकी भांडी बडवतो, गायीचे दात वाजवतो. यातला एकही फटका आवाज ऐकून बसवलेला नाही. आवाज अस्तित्वात नसताना तो कागदावर बसवला होता.

'डिनर टाइम'चा फरक इथेच. ते कार्टून आवाज मनात न धरता बनवले होते आणि आवाज मागून चढवला. डिस्नेने ते न्यूयॉर्कला पाहिले आणि नुसता गोंगाट आहे असे घरी कळवले. प्रतिस्पर्ध्याचे मत म्हणून थोडे बाजूला ठेवले तरी, ते आज पाहताना मला त्याचे बरोबरच वाटते. आवाज चित्राच्या अंगावर पांघरलेला दिसतो.

हिशेब कागदावर झाला तरी वाद्यवृंद माणसांचाच असतो. ध्वनिमुद्रण न्यूयॉर्कला, पॅट पॉवर्स नावाच्या इसमाच्या 'सिनेफोन' यंत्रणेवर. ही सिनेफोन म्हणजे डी फॉरेस्टच्या यंत्रणेवरूनच बेतलेली, त्यामुळे 'विली'चा आवाजही नात्याने फोनोफिल्मचाच. कंडक्टर कार्ल एडवर्ड, स्ट्रँड थिएटरात मूकपटांना साथ करणारा. १५ सप्टेंबर १९२८ ला पहिला प्रयत्न झाला आणि फसला. मूकपटाचा अनुभवी कंडक्टर चित्राकडे बघून अंदाजाने वाजवणार. दहा-पंधरा फ्रेम पुढेमागे झाल्या तर त्याच्या लेखी ते चालण्यासारखे. इथे चालत नव्हते. पैसे संपले. वॉल्टचा भाऊ रॉय डिस्ने याने वॉल्टची मोटार विकून दुसऱ्या खेपेची सोय केली. ३० सप्टेंबरला पुन्हा बसले तेव्हा वाद्यवृंदाला दाखवायच्या प्रतीवर ठोक्याबरोबर उडणारा चेंडू होता. या वेळी जमले. १८ नोव्हेंबरला ब्रॉडवेवरच्या कॉलनी थिएटरात कार्टून लागले.

म्हणजे प्रेक्षकांना गायला लावायला ज्या चेंडूचा उपयोग झाला, त्याच चेंडूने वाद्यवृंदाला ताळ्यावर आणले. तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचे माझे उत्तर हे. आवाज फिल्मवर आणला डी फॉरेस्ट आणि केस यांनी. चित्राकडे बघून माणसे एका ठोक्यावर येऊ शकतात हे सिद्ध केले फ्लायशर बंधूंनी. आणि लय आधी, चित्र नंतर, हा क्रम पक्का केला जॅक्सन आणि डिस्नेच्या मंडळींनी. पुढच्याच वर्षी संगीतकार कार्ल स्टॉलिंगच्या 'द स्केलेटन डान्स'मध्ये तो क्रम पूर्ण रूपात दिसतो. कानात ठोका ऐकवत वाजवायची पद्धत, जिला आपण क्लिक ट्रॅक म्हणतो, ती याच मंडळींच्या धडपडीतून रुजली. क्लिक आल्यावर वादकांना चेंडू लागेनासा झाला.

फ्लायशर बंधूंनी १९२९ पासून पॅरामाउंटसाठी 'स्क्रीन साँग्ज' नावाने चेंडूची गाणी पुन्हा सुरू केली, ती १९३८ पर्यंत चालली. त्यात रेडिओवर गाजणारे गायक प्रत्यक्ष येत, मिल्स ब्रदर्स, रुडी व्हॅली, एथेल मर्मन. गंमत अशी की चेंडूचा शोध लावूनही हे लोक बराच काळ चित्र आधी आणि संवाद नंतर याच रीतीने काम करत राहिले. त्यांचा पॉपाय तोंड न हलवता पुटपुटत असतो ते बघितले असेल. जॅक मर्सर हा आवाज देणारा कलावंत तयार चित्र बघत मधल्या रिकाम्या जागांत मनाने काहीबाही बडबडायचा, आणि ते तसेच ठेवले जाई. डिस्नेच्या पद्धतीत ही बडबड जन्मालाच आली नसती. मला वैयक्तिक विचाराल तर पॉपायची ती पुटपुट मला मिकीच्या काटेकोरपणापेक्षा जास्त आवडते.

आपल्याकडचे दोन शब्द. फाळक्यांनी १९१५ साली 'आगकाड्यांची मौज'मध्ये काड्या एकेक फ्रेम हलवून चालवल्या होत्या, अर्थात मूक. 'आलम आरा' १४ मार्च १९३१ ला मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये लागला, पुढच्या वर्षी मराठीत 'अयोध्येचा राजा', आणि १९३४ मध्ये पुण्याच्या प्रभातचे 'जंबूकाका' हे छोटे कार्टून. पडद्यासमोर बसणारे पेटी-तबलेवाले इथेही गेले, अमेरिकेत ऑर्गनवाले गेले तसेच. तिथे वादकांच्या संघटनेने 'डबाबंद' संगीताविरुद्ध वर्तमानपत्रांत जाहिराती देऊन पाहिल्या. काही झाले नाही.

चेंडू कसा काढावा असे तुम्ही विचारलेच आहे, तर मराठी गाण्याला तो लावताना काय होते तेही सांगतो. आपल्याकडे टीव्हीचा वेग २५ फ्रेम, म्हणजे मिनिटाला १,५००. त्यामुळे जॅक्सनचा १२० चा सोयीस्कर आकडा आमच्याकडे साडेबारा फ्रेमवर पडतो आणि छळतो. आम्ही संगीतकाराला आधीच विनवतो, १०० ठेवा किंवा १२५ ठेवा. १०० ला ठोका १५ फ्रेम, १२५ ला १२. 'ये रे ये रे पावसा' घ्या. १०० च्या लयीत ओळीला चार ठोके. पहिल्या ये वर मोठी उडी, रे वर बुटकी, पुन्हा तसेच, मग 'पाव' वर एक, 'सा' वर एक आणि तिथून उंच, कारण पुढच्या 'तुला'पर्यंत त्याला हवेत राहायचे आहे. 'तुला देतो'ला तु, ला, दे, तो अशा चार सारख्या टुणटुण उड्या. इथपर्यंत झकास.

खरी कसोटी लिपीत आणि गायकीत आहे. रोमन लिपीत अक्षरे उच्चाराच्या क्रमाने डावीकडून उजवीकडे येतात. आपली पहिली वेलांटी व्यंजनाच्या आधी लिहितात आणि नंतर उच्चारतात. 'किती', 'चिमणी' अशा शब्दांवर कॅराओकेसारखा डावीकडून रंग भरत नेला की क दिसण्याआधी वेलांटी रंगते, आणि नुकते वाचायला शिकलेले मूल अडखळते. चेंडू इथे सरस, कारण तो पूर्ण अक्षराच्या डोक्यावर, शिरोरेषेवर टेकतो. आत काय आधी नि काय नंतर याच्याशी त्याला कर्तव्य नाही. जोडाक्षरालाही एकच टप्पा. पण भावगीत आले की चेंडूची पंचाईत होते. एका 'आ'वर गायकाने खटका, मुरकी, छोटीशी तान घेतली तर चेंडूने करायचे काय? हवेत टांगून ठेवला तर मेल्यासारखा दिसतो, प्रत्येक स्वराला उडवला तर डोळे गरगरतात. मी अशा जागी चेंडू काढूनच टाकतो आणि शब्द नुसता उजळवतो. फ्लायशर बंधूंनी निवडलेली गाणी एका अक्षराला एक स्वर अशा घाटाची होती, हे त्यांचे नशीब म्हणा की अक्कल म्हणा.

आणखी एक, सगळ्या नवशिक्यांना सांगतो ते. चेंडू ठोक्याच्या फ्रेमवर बरोबर टेकवलात तर तो बघताना उशिरा वाटतो. एक किंवा दोन फ्रेम आधी टेकवा. निसर्गात आवाज दृश्याच्या मागूनच येतो, त्यामुळे मागे राहिलेला आवाज डोळा खपवून घेतो, पुढे आलेला लगेच पकडतो. प्रसारणाच्या मानकांतही हेच दिसते. आवाज ४५ मिलिसेकंद आधी आला तर लोकांना कळायला लागते, मागे पडला तर सव्वाशेपर्यंत कळत नाही.

शेवटी, तुम्ही जुन्या प्रती बघून स्वतः पडताळा घेणार असाल तर एक सावधगिरी. फ्लायशरच्या १९२४ ते १९२७ मधल्या काही गाण्यांना १९३० च्या सुमारास नवा आवाज चढवून ती पुन्हा बाजारात आणली गेली. आज हाती लागणाऱ्या प्रतींत त्या भरपूर आहेत. त्यामुळे १९२५ चे कार्टून आवाजासकट मिळाले म्हणजे ते १९२५ मध्ये बोलत होते असे समजू नका. अशी प्रत हाती आली की मी आधी चित्राची चौकट बघतो. मूळ मूक चित्रावर नंतर आवाजाची पट्टी छापली असेल तर एका बाजूची किनार खाल्लेली दिसते, अक्षरे मध्यापासून सरकलेली दिसतात. मग हालचाल बघतो. सोळा-अठरा फ्रेमने टिपलेले चित्र चोवीसने पळवले असेल तर कोको नको इतका चपळ दिसतो. आणि सर्वांत शेवटी चेंडू बघतो. तो मुळातच त्या आवाजाबरोबर टिपला असेल तर ओळीच्या शेवटी गायक रेंगाळतो तिथे तोही रेंगाळतो. नंतर चढवलेल्या आवाजात वाद्यवृंद चेंडूच्या मागे धावत असतो, आणि दुसऱ्या-तिसऱ्या कडव्यात कुठे तरी पकडला जातो.